परसदारची ओळख

हॉस्पिटलमधून घरी येताना बेरिलच्या मनात दोनच गोष्टी होत्या. एक, आपल्या पलंगावर झोपायचं. दुसरी, परसदारच्या पायरीवर बसून वकिलाची पोरं बघायची.

वकील म्हणजे मॅगपाय पक्षी. साधारण कावळ्याएवढा, काळा कोट, मानेवर पांढरीशुभ्र पट्टी, आणि चाल अशी की कोर्टात जायला उशीर झालाय पण पळणं शोभत नाही. हे नाव बेरिलनंच ठेवलं होतं. त्याची करड्या मानेची बायको ओघानंच वकिलीणबाई झाली. कुंपणाला लागून असलेल्या निलगिरीवर त्यांचं बिऱ्हाड होतं. दर वसंतात पिल्लं उडायला लागली, की नवरा-बायको त्यांना घेऊन बेरिलच्या पायरीशी यायची आणि पोरांना तिथं सोडून जरा बाजूला उभी राहायची. नव्या सुनेनं बाळ घेऊन आळीतल्या म्हाताऱ्यांकडं जावं, तसं.

“खायला येतात गं ती,” असं गावातली शहाणी माणसं म्हणायची. बेरिल म्हणायची, “मी खायला देते कुठं?” आणि ते खरं होतं. गल्लीत बाकीचे लोक खिमा टाकायचे, पाव टाकायचे. बेरिलच्या हातून तुकडा पडला नाही. फुकटचं खाऊन पोरं बिघडतात, मग ती कुणाचीही असोत, असं तिचं मत होतं आणि स्वतःच्या मुलीलाही तिनं त्याच मतानं वाढवलं होतं. ती दोनच गोष्टी करायची. लिंबाच्या झाडाखाली एक पसरट उथळ भांडं ठेवलं होतं, ते रोज सकाळी घासून ताज्या पाण्यानं भरायची. आणि भाजीच्या वाफ्यात दाताळं घालून माती उलटी करायची. दाताळं जमिनीत रुतल्याचा आवाज आला की वकील हजर. तिच्या मागून हात मागे बांधल्यासारखा चालायचा आणि वर आलेल्या अळ्या टिपायचा. तिचं काम, त्याचं काम, कुणाचे कुणावर उपकार नाहीत.

यंदा ऐन थंडीत तिला सिडनीला न्यावं लागलं. औषधं झाली, त्या औषधांवरची औषधं झाली, आणि शेवटी डॉक्टर म्हणाले, आता पुरे करू या, घरी जा. पुढचा वसंत आपला नाही, हे बेरिलला कुणी सांगितलं नाही. तिनं कुणाला विचारलंही नाही. हा वसंत मात्र सुरू झाला होता आणि निलगिरीवर पिल्लं असणार होती, एवढं तिला माहीत होतं.

घरी येताना स्टेशनवर एक गोष्ट घडली. मुलगी ट्रूडी डब्यातून सामान काढत होती आणि बेरिल एकटीच फलाटावर उभी होती. तिचा नवरा क्लेम समोरून येत होता. मध्यंतरी त्याची कंबर धरली होती, त्यामुळं बरेच दिवस त्याला सिडनीला जाता आलं नव्हतं. त्याची नजर तिच्या चेहऱ्यावर आली, तिथून सरकली, आणि पुढच्या डब्याच्या दारात तिला शोधायला लागली. मग ती नजर परत आली. “अगं!” म्हणत त्यानं तिला मिठी मारली आणि गाडीत बसल्यापासून घर येईपर्यंत तो पावसाच्या टाकीबद्दल बोलत राहिला. त्या दिवसापासून तो तिच्याशी बोलताना किटलीकडं बघायचा, नाहीतर तिच्या कानाकडं. चाळीस वर्षांच्या संसारात माणूस काही गोष्टी गिळायला शिकतो, पण हा घास बेरिलच्या घशाखाली काही उतरेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी डोक्याला रुमाल बांधून ती परसात गेली. हवेत फुलांचा वास होता. ती पायरी उतरून लिंबाकडं निघाली आणि नेहमीसारखी म्हणाली, “काय वकीलसाहेब, काय म्हणतंय कोर्ट?”

मागून पंखांचा फर्र आवाज आला. तिच्या कानाजवळ चोच टक्कन वाजली आणि रुमाल उडाला. ती वळेपर्यंत तो दुसऱ्यांदा आला. या वेळी टाळूवर चटका बसला आणि काहीतरी गरम कपाळावर ओघळलं. क्लेम झाडू घेऊन धावत आला. पक्षी कपडे वाळत घालायच्या दांडीवर जाऊन बसला आणि मान वाकडी करून तिच्याकडं बघू लागला. क्लेमकडं त्यानं ढुंकूनही पाहिलं नाही. घरातल्या माणसांना तो कधीच काही करत नसे. पिल्लांच्या दिवसांत तो टोचायचा ते पोस्टमन, सायकलवाले, परकी माणसं, एवढ्यांनाच.

ट्रूडी दोन गल्ल्या पलीकडं राहायची. ती आली, आईच्या डोक्यावरची जखम धुतली, मलम लावलं आणि मग हात धुताना तिच्या तोंडाचा पट्टा सुरू झाला.

“आई, तुझ्या रक्तात पांढऱ्या पेशी नावाला उरल्यात. एवढा ओरखडा चिघळला तर संपलं. आधीच काय कमी आहे? दुष्काळात तेरावा महिना! मी नगरपरिषदेत फोन केलाय. पुढच्या गुरुवारी माणूस येतोय. सापळा लावतील आणि डोंगरापलीकडं नेऊन सोडतील त्याला.”

“त्याला नेलं तर पिल्लांचं काय? ती एकटी किती पुरी पडणार?”

“पिल्लं पक्ष्यांची आहेत, आई. तुझं पिल्लू मी आहे.”

पोरगी खोटं बोलत नव्हती. तिनं हॉस्पिटलच्या खुर्चीत बसून कितीतरी रात्री काढल्या होत्या आणि आता आई एका पक्ष्यापायी हातची जावी, हे तिला सहन होणार नव्हतं. बेरिल एवढंच म्हणाली, “गुरुवारपर्यंत थांब. तोवर तो मला ओळखेल.”

मग सुरू झाले प्रयोग. आधी तिनं बागेतला जुना स्वेटर घातला, जुनी हॅट घातली. वकिलानं हॅट पाडली. मग हॉस्पिटलनं दिलेला तपकिरी विग आला. तो तिला कधीच आवडला नव्हता आणि वकिलालाही आवडला नाही. त्यानं तो पहिल्याच फेरीत उचलला आणि लिंबाच्या काट्यांत टाकला. क्लेम काठीनं तो काढत असताना कुंपणापलीकडून शेजारीण ओरडली, “काय रे, मांजर अडकलं का?” क्लेमनं “हो” म्हणून सांगितलं.

तिसऱ्या दिवशी ट्रूडी आइस्क्रीमचा रिकामा डबा घेऊन आली. मागच्या बाजूला मार्करनं दोन टपोरे डोळे काढले होते. या दिवसांत गावातली निम्मी पोरं असले डबे डोक्यावर घालून शाळेत जातात. मागून कुणी बघतंय असं वाटलं की मॅगपाय झेप घेत नाही. बेरिलनं डबा घातला आणि क्लेमला हसू फुटलं, पण तिच्याकडं बघून त्यानं ते लगेच आवरलं. ती परसभर फिरून आली. वकील दांडीवरून नुसता बघत राहिला.

“बघ! झालं की नाही काम?” ट्रूडी म्हणाली.

“कसलं काम? डब्याला सोडलं त्यानं. मला कुठं ओळखलं?” बेरिलनं डबा काढून टेबलावर ठेवला.

त्या संध्याकाळी ती भोपळ्याच्या सूपची भांडी धूत होती. बाहेर अंधारून आलं होतं आणि सिंकवरच्या खिडकीच्या काचेत एक बाई दिसत होती. गाल सुजलेले, भुवया नाहीत, पापण्या नाहीत, डोकं गुळगुळीत, त्यावर लाल ओरखडा. घरी आल्यापासून बेरिलनं आरसा टाळला होता. आता ती नीट बघत राहिली. वकिलाची काय चूक? तो चेहऱ्यावरून माणूस ओळखतो. गावात पोरासोरांना माहीत आहे हे. त्याच्या ओळखीची बाई थंडीत गेली ती गेली, आणि तिच्या घरातून ही कोण परकी बाहेर येते? त्याच्या जागी आपण असतो तर आपणही टोचलं असतं.

आणि परक्या माणसाचं काय करतात, तेही तिला माहीतच होतं. नातू आर्ची जन्मला तेव्हा तिनंच त्याला कडेवर घेऊन परसात फिरवलं होतं. हॅट नाही, गॉगल नाही, उघड्या तोंडानं, सावकाश. “हा आमचा. याला काही करायचं नाही,” असं मोठ्यानं सांगत. या गावात घरी नवं माणूस आलं की असंच करतात. ओळखीचं माणूस सोबत चालतं, दोन-चार दिवस फिरवतं, मग तो नवा चेहरा घरच्यांत जमा होतो.

तिनं नळ बंद केला. “क्लेम, उद्यापासून तू मला परसात फिरवायचं.”

क्लेम टीव्हीसमोरून म्हणाला, “फिरवू की. कशाला?”

“माझी ओळख करून द्यायला. वकिलाशी.”

तो उठून स्वयंपाकघरात आला. “तुझी? अगं, चाळीस वर्षं तू या घरात राहतेस. मी काय ओळख करून देऊ? आणि माझं तो ऐकतोय होय! मी त्या बागेत फक्त बिअर प्यायला जातो.”

“तुला तो ओळखतो. तुझं तोंड दुर्दैवानं आहे तसंच राहिलंय.”

क्लेम हसला आणि किटलीकडं वळला. बेरिल म्हणाली, “किटली राहू दे. इकडं बघ.”

त्यानं बघितलं, पण कानाकडं.

“कानाकडं नको. स्टेशनवर तू माझ्यावरून नजर फिरवून पुढच्या डब्यात बघत होतास. मला दिसलं.”

क्लेमनं खुर्ची ओढली आणि तो बसला.

“मला वाटलं, कुणीतरी आजारी बाई आहे,” तो म्हणाला. “वाटलं, बिचारीला घ्यायला कुणी आलेलं नाही. मग तू हसलीस.” त्याच्या डोळ्यांतून पाणी गळत होतं आणि ते पुसायचंही त्याला सुचत नव्हतं. “तेव्हापासून तुझ्याकडं बघायला तोंड नाही मला. तू काय विचारशील याची भीती वाटते.”

“मी काही विचारत नाही. त्या पाखरानं मला टोचलं, तुझी नजर पुढं गेली, आणि खिडकीतल्या बाईला मीसुद्धा ओळखलं नाही. तिघांना एकच रोग. आता तिघांनाही ओळख करून घ्यावी लागेल.” ती त्याच्यासमोर बसली. “मला वेळ नाही रे, क्लेम.”

हे वाक्य त्या घरात पहिल्यांदा बोललं गेलं. क्लेमनं मान हलवली आणि तिच्या तोंडाकडं बघत राहिला. तिनंही त्याला बघू दिलं.

सकाळी दोघं पायरीवर आली, दोघांचीही डोकी उघडी. वकील दांडीवर होता. चोच लागली होती ती तिलाच, म्हणून बेरिल पायरीवरच थबकली. क्लेमनं तिचा दंड धरला. मग काय वाटलं कोण जाणे, दंड सोडून त्यानं आपला रुंद तळवा तिच्या उघड्या डोक्यावर ठेवला. घरी आल्यापासून त्या डोक्याला त्यानं हात लावला नव्हता. त्याचा हात गरम होता आणि खरखरीत होता. ती डोळे मिटून क्षणभर उभीच राहिली.

“चल,” ती म्हणाली. “आणि बोल काहीतरी. मुक्यानं ओळख होत नाही.”

“काय बोलू?”

“आर्चीच्या वेळी मी काय बोलले होते?”

क्लेमनं घसा साफ केला. कुंपणापलीकडं शेजारीण ऐकते का ते बघून घेतलं. “वकीलसाहेब, ही बेरिल. माझी बायको. हिला… हिला काही करायचं नाही.”

वकील झेपावला. क्लेमनं हात काढला नाही. चोच त्याच्या बोटांवर टक्कन बसली, त्यानं एक शिवी हासडली, तीही वकिलाला शोभेल अशी, आणि पुढं चालत राहिला. दुसरी झेप आली ती डोक्यावरून निघून गेली. तिसऱ्या वेळी पक्षी जवळ येऊन वळला आणि परत दांडीवर बसला. घरातलं हे माणूस त्या परक्या बाईला धरून का चालतंय, हे काही त्याला उमगत नव्हतं. ट्रूडी स्वयंपाकघराच्या खिडकीत डबा हातात घेऊन उभी होती. ती बाहेर आली नाही.

रोज सकाळ-संध्याकाळ हेच चाललं. पाण्याचं भांडं बेरिल घासायची, ते धरायला मात्र क्लेम लागायचा. वाफ्यात दाताळं आता क्लेम चालवायचा आणि बेरिल उलट्या ठेवलेल्या बादलीवर बसून त्याच्या चुका काढायची.

“एवढं खोल नको. वाफा करतोयस की विहीर?”

“तू गप्प बस. तुला अजून कुणी ओळखत नाही इथं.”

एका सकाळी दाताळ्याचा आवाज ऐकून वकील खाली उतरला. क्लेमच्या मागं मागं चालत त्यानं एक जाडजूड अळी उचलली, आणि घरट्याकडं जाण्याआधी बादलीपाशी थांबून बेरिलकडं एका डोळ्यानं पाहिलं. मग मान फिरवून दुसऱ्या डोळ्यानं पाहिलं. बेरिल हलली नाही. तिनं नावानं हाकही मारली नाही. जुन्या ओळखीवर तिचा आता भरवसा नव्हता. ती हळूच एवढंच म्हणाली, “मी बेरिल. इथंच राहते.”

गुरुवारी नगरपरिषदेचा माणूस आला. वॉरिक त्याचं नाव, चांगला धिप्पाड गडी. हेल्मेटवर प्लास्टिकच्या पट्ट्या साळिंदरासारख्या उभ्या केलेल्या, हातात पिंजरा. तो परसाच्या फाटकातून दोन पावलं आत आला आणि वकिलानं त्याला घेतलाच. हेल्मेटवर टक्, खांद्यावर टक्. पिंजरा टाकून तो कोपऱ्यातल्या पत्र्याच्या शेडला पाठ लावून उभा राहिला.

“बाई, आत जा! आत जा तुम्ही!” तो ओरडला, कारण पायरीवर एक डोकं उघडं टाकलेली आजारी बाई निवांत बसली होती. क्लेम तिच्याजवळ नव्हता. तो पार कुंपणापाशी उभा होता, बेरिलनंच त्याला तिकडं पाठवलं होतं.

वकील वॉरिकवरून वळला आणि थेट पायरीकडं झेपावला. दारात उभ्या ट्रूडीनं तोंडावर हात ठेवला. बेरिलनं मान वर करून आपला चेहरा त्याच्यापुढं धरला. त्यानं पंख पसरले, वेग मोडला, आणि तिच्यापासून हातभर अंतरावर पायरीच्या कठड्यावर उतरला. कोट सारखा केला. मग तिच्याकडं पाठ करून तो वॉरिकवर नजर ठेवून बसला. घराची राखण करताना आपल्या माणसाकडं पाठ करूनच उभं राहायचं असतं.

“हिला काही करत नाही की हा!” वॉरिक शेडपाशी उभा राहून म्हणाला. “मग तक्रार कुणाची होती?”

“माझी,” ट्रूडी म्हणाली. ती रडत होती. “माझी होती. आता नाहीये.”

पिंजरा नंतर क्लेमनंच गाडीत नेऊन टाकला. वॉरिक तोवर गाडीत जाऊन काच वर करून बसला होता.

पिल्लं उडाली तेव्हा बेरिलला चालवत नव्हतं. दुखणं आता लपून राहत नव्हतं, ती दिवसाचा बराच वेळ झोपून असायची. त्या सकाळी क्लेमनं तिला उठवलं. “चल, कोर्ट भरलंय,” तो म्हणाला. ती एवढी हलकी झाली होती की दुखऱ्या कंबरेनंही त्यानं तिला उचलून पायरीपर्यंत आणलं, मांडीवर घोंगडी टाकली आणि तो शेजारी बसला.

वकील आणि वकिलीणबाई गवतातून चालत आली. मागं करड्या, ठिपक्यांच्या, विस्कटलेल्या पिसांची दोन पोरं, भुकेनं गळा काढून रडणारी. आई-बाप बाजूला झाले. एक पोर घाबरून लिंबाखालीच थांबलं. दुसरं सरळ चालत आलं, बेरिलच्या पावलाशी उभं राहिलं, आणि तिच्या तोंडाकडं बघून त्यानं चोच वासली.

“याला भीती कशी वाटत नाही?” क्लेम कुजबुजला.

“कशाला वाटेल? घरट्याच्या काठावरून रोज हीच बाई बघितलीय त्यानं. त्याच्यासाठी मी पहिल्यापासून अशीच आहे.” बेरिल हसत होती. वकिलाच्या ओळखीची जुनी बेरिल त्या पिल्लाला कधी भेटलीच नव्हती, म्हणून त्याचं काही हरवलंही नव्हतं. मॅगपाय खूप वर्षं जगतात आणि चेहरा विसरत नाहीत. हे टक्कल, हा सुजलेला चेहरा त्याच्या डोक्यात राहणार होता, ती गेल्यावरसुद्धा. आणि त्याबद्दल बेरिलची काही तक्रार नव्हती.

पिल्लानं बराच वेळ चोच वासून वाट बघितली. बेरिलनं काही दिलं नाही. शेवटी कंटाळून ते गवतात आपलं आपण चोच मारू लागलं.

“शहाणं आहे,” ती म्हणाली. मग जरा थांबून, “क्लेम, माझ्यामागं कुणी बाई आणलीस घरात, तर आधी इथं फिरव तिला. नाहीतर तो जीव घेईल तिचा.”

“गप्प बस.”

“आणि पाण्याचं भांडं रोज घास. रोज म्हणजे रोज.”

“घासेन.”

ऊन पायरीवर आलं. तिचं डोकं तापेल म्हणून, की नुसतंच, क्लेमनं आपला तळवा त्यावर ठेवला. वरून कुणी झेपावत नव्हतं. वकील तर समोर गवतात पोरांच्या मागं चालत होता. तरी क्लेमनं तो हात तसाच ठेवला आणि तिच्याकडं, तिच्या चेहऱ्याकडं बघत बसून राहिला.